जुन्या दिल्लीत फूड वॉक करायचाय? आधी डबा शोधा, मग बुकिंग करा

आपल्याकडे लहानपणापासून एक गोष्ट डोक्यात घट्ट बसवलेली असते, पानात टाकायचं नाही. वाढलंय ना, मग संपव. घरात हे चांगलंच आहे, पण जुन्या दिल्लीच्या फूड वॉकला हीच सवय घेऊन गेलात तर तिसऱ्या दुकानात खेळ खल्लास. माझा झाला. पहिल्यांदा गेले तेव्हा सकाळी पहिल्याच ठिकाणी बेडमी पुरीची अख्खी प्लेट संपवली, वर नागौरी हलवा आला तोही संपवला, मग कचोरी, आणि जिलबीच्या दुकानापाशी पोचेपर्यंत अशी अवस्था की मी बाजूच्या पायरीवर बसून बाकीच्यांना खाताना बघत होते. पैसे मात्र पूर्ण भरलेले.

दुसऱ्यांदा आईला घेऊन गेले. तिला आधीच बजावलं होतं की आई, दोन घास खायचे आणि पुढं निघायचं. ती "हो हो" म्हणाली, आणि पहिल्या दुकानात पुरी उरली तशी पर्समधून घट्ट झाकणाचा गोल स्टीलचा डबा काढला, पुरी दुमडून आत, झाकण टक्क. गाईड आधी बघतच राहिला, मग म्हणाला, "आंटीजी, ये तो आज तक किसी ने नहीं किया." पण तो डबा होता म्हणून आई शेवटच्या कुल्फीपर्यंत तब्येतीत पोचली आणि मीही. तर ज्यांनी फूड वॉक कधीच केलेला नाही आणि दिल्लीला निघालेत त्यांच्यासाठी हे सगळं क्रमानं लिहितेय, माझ्या चुकांसकट.

आधी हे की फूड वॉक म्हणजे नक्की काय. एक गाईड असतो, चार ते दहा जण असतात, तीन-चार तास गल्ल्यांमधून चालायचं आणि मध्येमध्ये सहा-आठ ठिकाणी थांबून थोडं थोडं खायचं. आता कोणी म्हणेल त्यात काय, मॅप लावला की दुकानं सापडतातच. सापडतात की. चांदनी चौकातली नावाजलेली दुकानं काही लपलेली नाहीयेत. गाईडला पैसे द्यायचे ते क्रमासाठी, म्हणजे कुठलं आधी, कुठलं नंतर, कुठं दोघांत एक प्लेट पुरे, कुठं आज माल बरा नाही म्हणून पुढं चला. शिवाय तिथल्या कुच्यांमध्ये (म्हणजे गल्लीबोळांत) आणि कटऱ्यांमध्ये (आतल्या बंदिस्त बाजारांत) मॅपचा निळा ठिपका वेड्यासारखा उड्या मारतो, ते वेगळंच.

कधी जायचं

नोव्हेंबर ते फेब्रुवारी. दुसरं उत्तरच नाही. एप्रिल ते जून तिथं तुपात तळलेलं खायचं म्हणजे स्वतःचा छळ, आणि पावसाळ्यात गल्ल्यांमध्ये पाणी. पण थंडीचं खरं कारण म्हणजे दौलत की चाट, ती फक्त थंडीतच मिळते, तिच्याबद्दल खाली लिहिते. एक लक्षात ठेवा, डिसेंबर अखेर आणि जानेवारीत धुक्यानं ट्रेन आणि विमानं रखडतात, त्यामुळं पोचल्याच्या दिवशी वॉक ठेवू नका, मध्ये एक दिवस मोकळा सोडा.

वार पण बघा. रविवारी घाऊक बाजार बंद असतात, म्हणजे खारी बावलीचा मसाल्याचा बाजार जवळजवळ झोपलेला. खाण्याची बहुतेक दुकानं चालू असतात आणि गर्दी जरा कमी, त्यामुळं म्हातारी माणसं किंवा लहान मुलं बरोबर असतील तर रविवार सकाळ बरी. बाजाराचा गलका बघायचाय तर आठवड्यातला मधला वार घ्या.

सकाळ की संध्याकाळ? शाकाहारी असाल तर सकाळ, डोळे झाकून. बेडमी पुरी, नागौरी हलवा, दौलत की चाट हे सगळं सकाळचं खाणं. कबाब, निहारी (मंद आचेवर शिजवलेला मांसाचा दाट रस्सा) आणि जामा मशिदीची बाजू बघायची तर संध्याकाळचा वॉक. (निहारी खरं तर पहाटेचीच, नावातच नहार म्हणजे सकाळ आहे, पण आता संध्याकाळीही मिळते.)

टूर निवडताना

तीन प्रकार दिसतील. एक, "फ्री वॉक", म्हणजे गाईडची फी नाही, शेवटी मनाला येईल ती टिप द्यायची, पण खाण्याचे पैसे प्रत्येक ठिकाणी तुमचे तुम्ही. दोन, ग्रुप टूर, माणशी ठरलेली रक्कम आणि खाणं त्यात धरलेलं. तीन, प्रायव्हेट, फक्त तुम्ही आणि गाईड, महाग. पहिल्यांदा जाणाऱ्यानं दुसरा प्रकार घ्यावा असं माझं मत, कारण प्रत्येक ठिकाणी पाकीट काढून सुट्टे शोधत बसलं की अर्धी मजा जाते.

ग्रुप किती जणांचा ते मात्र नक्की विचारा, हा प्रश्न सगळ्यात महत्त्वाचा. माझ्या पहिल्या टूरला आम्ही अठरा जण होतो. किनारी बाजारच्या गल्लीत दोन माणसं शेजारी चालू शकत नाहीत, तिथं अठरा जणांची रांग, पुढं गाईड काय सांगतोय ते मला शेवटपर्यंत कळलं नाही, मी फक्त समोरच्या काकांची बॅग बघत चालले. वर शेवटी एका मसाल्याच्या दुकानात बसवून अर्धा तास केशर विकायचा प्रयत्न झाला. आठच्या वर माणसं असतील तर सोडून द्या.

रिव्ह्यू वाचताना स्टार बघू नका, पदार्थांची नावं बघा. "अमेझिंग एक्सपिरियन्स" लिहिणाऱ्याकडून काहीच कळत नाही. "चौथ्या ठिकाणी पोट भरलं, गाईडनं थांबवलं नाही" असं कोणी लिहिलं असेल तर ते सोन्यासारखं. आणि "शेवटी शॉपिंगला नेलं" असं दोन-तीन जणांनी लिहिलेलं दिसलं तर पुढची टूर बघा.

बुकिंगच्या आधी एक मेसेज

थेट पैसे भरू नका, आधी व्हॉट्सअॅप करा आणि हे विचारा: किती ठिकाणं, त्यातली बसायची किती आणि उभ्यानं खायची किती, पाणी बाटलीचं देणार का, रिक्षा त्यात धरलीये का, आणि टॉयलेट कुठं आहे. शेवटचा प्रश्न विचारायला लाजू नका, बायकांनी तर अजिबातच नाही, त्या भागात सोय शोधणं कठीण आहे. आमच्या गाईडनं वाटेतल्या एका बसून खायच्या हॉटेलात दहा मिनिटं मुद्दाम ठेवली होती, आणि मेट्रो स्टेशनवरही असतं, ते उतरल्या उतरल्या उरकून घ्या.

पथ्यपाणी असेल ते स्पष्ट लिहा. "व्हेज" एवढं पुरत नाही. कांदा-लसूण चालत नाही, शेंगदाण्याची अॅलर्जी, शुगर आहे, जे असेल ते. जैन लोकांची तिथं बऱ्यापैकी सोय होते, परांठेवाली गलीतल्या जुन्या दुकानांत तर कांदा-लसूण नसतोच, पण कंदमुळं नको असतील तर बटाट्याचं काय ते आधीच बोला, कारण सकाळच्या प्रत्येक भाजीत बटाटा आहे.

आदली रात्र आणि ती सकाळ

आदल्या रात्री हलकं खा. दिल्लीत उतरल्या उतरल्या बटर चिकनवर तुटून पडायचा मोह होतो, तो एक दिवस ढकला. सकाळी चहा आणि फार तर एक बिस्किट. हॉटेलचा ब्रेकफास्ट फुकट आहे म्हणून खाऊ नका, मला माहितीये फुकटचं सोडवत नाही, पण सोडा.

बरोबर काय घ्यायचं: बंद बूट (जमीन ओली आणि तेलकट असते, चपलेत पाय घसरतो), पुढं लटकवता येईल अशी छोटी बॅग, मोठा रुमाल किंवा ओढणी, सॅनिटायझर, थोडे सुट्टे, आणि डबा. रुमाल एका कारणासाठी नाही, दोन कारणांसाठी लागतो, पुढं येईलच.

पोचायचं कसं

मेट्रोनंच. कॅब केलीत तर लाल किल्ल्यापाशी अडकून पडाल. यलो लाईनवर चांदनी चौक आणि चावडी बाजार, व्हायोलेट लाईनवर लाल किला आणि जामा मशिद अशी चार स्टेशनं आसपास आहेत, त्यामुळं भेटायचं ठिकाण नुसतं "चांदनी चौक" असं न घेता स्टेशन आणि गेट नंबर लिहून घ्या. चावडी बाजार स्टेशन बरंच खोल आहे, सरकत्या जिन्यावर जिने, वर यायलाच पाच-सात मिनिटं जातात, आणि वर आलात की एकदम हौज काजीचा चौक, रिक्षा, हातगाड्या आणि हॉर्न. आई वर आल्यावर मिनिटभर खांबाला धरून उभी राहिली होती.

चांदनी चौकाचा मुख्य रस्ता मात्र आता सुधारलाय. २०२१ पासून लाल किल्ल्यापासून फतेहपुरी मशिदीपर्यंत लाल दगडी फरसबंदी आणि सकाळी नऊ ते रात्री नऊ मोटारगाड्यांना बंदी. फक्त सायकल रिक्षा. हा बाजार शहाजहानची मुलगी जहाँआरा हिनं १६५० च्या सुमाराला वसवला, मध्ये कालवा आणि चौकात तलाव होता, त्यात चांदणं पडायचं म्हणून हे नाव असं सांगतात. आता ना कालवा ना तलाव, चांदणं बहुतेक वायरींच्या जाळ्यात अडकतं.

लाल किल्ल्याच्या बाजूनं सुरू झालात तर दिगंबर जैन लाल मंदिराशेजारी गौरीशंकर मंदिर लागतं. ते अप्पा गंगाधर नावाच्या मराठा सरदारानं १७६१ च्या सुमाराला बांधलं असं मानतात. बरेच गाईड त्यावरून तसेच पुढं जातात, आपण मराठी म्हणून थांबवा त्यांना पाच मिनिटं. आईनं तिथं हात जोडले आणि म्हणाली, चला, आता खायला हरकत नाही.

चालायचं कसं

हे कोणी शिकवत नाही म्हणून सांगते. गल्लीत मागून "साइड! साइड!" किंवा "बचना भैया!" असा आवाज आला की मागं वळून बघायचं नाही, सरळ जवळच्या दुकानाच्या पायरीवर चढायचं. मागून येणारा माणूस पाठीवर किंवा हातगाडीवर भलंमोठं ओझं घेऊन येत असतो, त्याला ब्रेक नसतो आणि तुमच्यापेक्षा त्याला घाई असते. दुकानदार काही म्हणत नाहीत, सगळे असंच करतात. फोन हातात धरून रील काढत चालू नका, थांबा, भिंतीला लागा, मग काढा.

आणि गाईडच्या मागं दुसऱ्या-तिसऱ्या नंबरावर राहा. कथा पुढच्यांनाच ऐकू येतात, वर गरम पहिली पुरीही पुढच्यांनाच मिळते.

आता खाणं

मुख्य नियम: दोघांत एक प्लेट, तिघांत एक असेल तर अजून छान. गाईड प्रत्येकाला एकेक प्लेट द्यायला लागला तर तिथंच सांगा, "भैया, हम शेयर करेंगे." त्याला राग येत नाही, उलट त्याचे पैसे वाचतात.

बेडमी पुरी म्हणजे उडदाची डाळ आणि मसाला घातलेली कणकेची पुरी, आपल्या पुरीपेक्षा जाड आणि खरखरीत, बरोबर झणझणीत बटाट्याची रस्सा भाजी. तिच्याच शेजारी नागौरी हलवा, नागौरी म्हणजे बिस्किटासारखी खुसखुशीत छोटी पुरी, तिला अंगठ्यानं भोक पाडायचं, आत शिरा भरायचा, वरून वाटलं तर थोडी बटाट्याची भाजीसुद्धा. गोड-तिखट एकत्र म्हणून नाक मुरडू नका, आपण पुरणपोळीबरोबर कटाची आमटी ओरपतोच की. इथं माणशी अर्धी बेडमी आणि एक नागौरी, बास. उरलेली बेडमी डब्यात, ती टिकते.

परांठेवाली गली. एकेकाळी तिथं ओळीनं पराठ्याची दुकानं होती, आता हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी राहिलीत. नाव पराठा असलं तरी तव्यावरचा नाही, लोखंडी कढईत तुपात जवळजवळ तळून काढतात. सारणात काय नाही ते विचारा: कारलं, भेंडी, पापड, लिंबू, रबडी, खुरचन. आणि इथंच आपली फजिती होते. वाढणारा विचारतो, "सीताफल की सब्जी दूँ?" आई खूश, थंडीत सीताफळाची भाजी, काय बाई ही दिल्ली! ताटलीत आला लाल भोपळा. दिल्लीत सीताफल म्हणजे लाल भोपळा, आपल्या सीताफळाला ते शरीफा म्हणतात. आईनं दुकानदाराला मराठीत सुनावलं, त्यानं हिंदीत उत्तर दिलं, आणि शेवटी तीच भाजी तिला इतकी आवडली की दुसऱ्यांदा मागून घेतली. माझं मत विचाराल तर या गलीत चौघांत एक पराठा घ्या, फोटो काढा, निघा, जागा जुनी म्हणून बघायची, पोट भरायला नाही.

असे फसवे शब्द अजून आहेत, ते आधीच सांगून ठेवते. राम लड्डू गोड नसतात, मुगाच्या डाळीची भजी असतात, वर किसलेला मुळा आणि हिरवी चटणी. शकरकंदी म्हणजे रताळं, निखाऱ्यावर भाजून लिंबू-मसाला लावलेलं, उपासवाल्यांनी मसाल्यात काय आहे ते विचारा. बंटा म्हणजे आपला गोटी सोडा. भल्ला म्हणजे दहीवडा. गोलगप्पे म्हणजे पाणीपुरी, पण त्यात गरम रगडा नसतो, बटाटा आणि छोले, त्यावरून तिथं वाद घालू नका, मी घालून बघितलाय, गाईड मुंबईची बाजू घेत नाही. गोलगप्प्याचं पाणी बाटलीच्या पाण्यातलं आहे का एवढं मात्र विचारा, नसेल तर सोडा. गोलगप्पा हुकला तर काही बिघडत नाही, दुसऱ्या दिवशी आग्रा हुकला तर बिघडतं.

दौलत की चाट. नावात चाट असली तरी तिखट नाही, आंबट नाही, चाटचा काही संबंध नाही. दुधाचा फेस आहे तो. रात्रभर थंडीत दूध घुसळून वर येणारा फेस काढत जायचा, त्यावर केशर, खवा आणि बारीक साखर. किनारी बाजार, नई सडक या बाजूला वेताच्या तिवईवर मोठी परात ठेवून, वर कापड झाकून माणूस उभा असतो. तो चपट्या चमच्यानं एक थर उचलतो, द्रोणात ठेवतो, हातात घेतलं तर वजनच लागत नाही. तोंडात टाकलं की आधी गार, मग थोडी साखर दाताखाली, आणि चावायला जाईपर्यंत काहीच नाही. आईनं पहिला घास घेतला, माझ्याकडं बघितलं, परत द्रोणात बघितलं, आणि विचारलं, "गेलं कुठं?" ही चाट आली की लगेच खा, फोटो एकच, उन्हात बसते ती. डब्यात भरायचा विचारही करू नका. हीच बनारसला मलइयो आणि लखनौला मक्खन मलई नावानं मिळते, म्हणजे कुठल्याही थंडीत उत्तरेकडं निघालात तर शोधा. सकाळी लवकर, दुपारनंतर संपलेली असते.

किनारी बाजारातच खुरचन मिळतं. दूध आटवून कडेची साय खरवडून, साखर घालून थरावर थर. आपल्या भाषेत दुधाची खरवड म्हणा ना, पातेल्याची खरवड कोणाला यावरून भावंडांत भांडणं झालेली असतील तर तुम्हाला ती आवडणारच.

दरीबा कलाँच्या कोपऱ्यावर जिलबीचं जुनं दुकान, १८८४ पासूनचं. जिलबी आपल्या लग्नातल्या जिलबीच्या दुप्पट-तिप्पट जाड, साजूक तुपातली, आणि बरोबर मठ्ठा नाही, रबडी. एक जिलबी तिघांना पुरते. खरंच पुरते. मठ्ठ्याची सवय असलेल्याला गोडावर गोड जड जातं, म्हणून मी रबडी न घेता खाते आणि मागं नटराजकडं जाऊन दहीभल्ला खाते, १९४० पासूनचं दुकान आहे, मेट्रोच्या गल्लीजवळ, उभ्यानं खायचं. दह्यानं तोंड परत ताळ्यावर येतं.

खारी बावली आणि रुमालाचं पहिलं काम

फतेहपुरी मशिदीच्या बाजूला मसाल्याचा घाऊक बाजार. बावली म्हणजे आपली बारव, खाऱ्या पाण्याची बारव होती म्हणून खारी बावली. आता बारव दिसत नाही, मिरच्यांची पोती दिसतात. आत शिरलात की दहाव्या पावलाला खोकला सुरू, सगळ्यांनाच होतो, हमालसुद्धा खोकत असतात. रुमाल नाकाला लावा, डोळे चोळू नका. दम्याचा त्रास असेल तर गाईडला सांगून हा भाग सरळ गाळा, बाहेर चहा पीत थांबा. गदोदिया मार्केटच्या गच्चीवरून खालचा सगळा बाजार दिसतो, गाईड नेणार असेल तर जिना चढाच. खरेदी करायची तर सुकामेवा आणि अख्खे मसाले, थोडे, दोन-तीन ठिकाणी भाव विचारून. गाईडनं दाखवलेल्या पहिल्याच दुकानातून नको.

रुमालाचं दुसरं काम

शीशगंज गुरुद्वारा. गुरू तेगबहादूर यांना १६७५ साली जिथं मारलं ती ही जागा. बऱ्याच वॉकमध्ये हा थांबा असतो. डोकं झाकायचं, बूट जमा करायचे, पाय धुवून आत. कडाह प्रसाद दोन्ही हात जोडून ओंजळीत घ्यायचा, नको म्हणायचं नाही, कमी हवा असेल तर "थोडा" म्हणा. लंगरमध्ये बसणार असाल तर रोटी दोन्ही हातांत घ्यायची, आणि इथं मात्र आईचा नियम लागू, ताटात काही टाकायचं नाही. म्हणून एकच रोटी घ्या. सकाळपासून "अर्धं खा, अर्धं सोड" ऐकून कंटाळलेली आई इथं पहिल्यांदा समाधानानं ताट चाटूनपुसून उठली.

मांसाहारी असाल तर

जामा मशिदीच्या समोर मटिया महल आणि गली कबाबियाँ. करीम्स १९१३ पासून तिथं आहे, आसपास तितकीच गर्दीची बाकीची दुकानं आहेत, आणि गाईड लोकांची यावरून आपापसात भांडणं असतात. दोन शब्द पाठ करा: "छोटे का" म्हणजे बकऱ्याचं आणि "बडे का" म्हणजे म्हशीचं. जे खात नाही ते आधी विचारून घ्या, विचारल्यावर कोणी वाईट मानत नाही. निहारी जड असते, चौघांत एक वाटी आणि दोन खमिरी (आंबवलेल्या पिठाच्या) रोट्या. सीख कबाब मात्र ज्याचा त्यानं खावा, वाटून घेण्यात मजा नाही. कलिंगडाचे तुकडे घातलेलं गुलाबी दूध मिळतं, मोहब्बत का शरबत, नाव झकास, पण बर्फ कुठल्या पाण्याचा ते माहीत नसतं म्हणून मी पीत नाही. रमजानमध्ये रात्री तिथं वेगळीच रोषणाई असते, पण गर्दी अशी की पहिल्याच फूड वॉकला ती वेळ निवडू नये.

शेवट गोडानं करायचा तर सीताराम बाजारच्या बाजूला कुचा पातीराममध्ये कुरेमलची कुल्फी, १९०६ पासून. आंब्याची कोय काढून आत कुल्फी भरतात, फळ परत बंद करून गोठवतात, मग सोलून चकत्या. थंडीत हापूसची अपेक्षा ठेवून जाऊ नका, पण डाळिंब आणि जांभळाच्या कुल्फ्या मिळाल्या तर घ्या.

पैसे, टिप, आणि दुसरा दिवस

खाणं टूरमध्ये धरलेलं असलं तरी जास्तीचं काही मागवलंत तर ते तुमचं, हे आधी स्पष्ट करा म्हणजे शेवटी तोंडं वाकडी होत नाहीत. टिप सक्तीची नाही. गाईडनं मनापासून फिरवलं असेल तर द्या, आम्ही दोघींचे मिळून तीनशे दिले, तो खूश होता. निघताना त्याला एक विचारा, "आज आपण काय खाल्लं नाही?" टूरमध्ये न बसलेली दोन-तीन ठिकाणं तो सांगतो, ती दुसऱ्या दिवशी आपली आपण करायची.

संध्याकाळी जेवण बुक करू नका. भूक लागत नाही, लागली तर ताक आणि खिचडी. ओआरएसची दोन पाकिटं आणि नेहमीची पोटाची गोळी बॅगेत असू द्या. ज्यांची पोटं बिघडलेली मी बघितलीत त्यांनी बहुतेक कापून ठेवलेली फळं, बर्फ किंवा साधं पाणी घेतलं होतं, कढईतून समोर निघालेल्या पुरीनं कोणाचं काही झालेलं मी तरी बघितलं नाही.

आणि डब्याचं. आत जायचं ते कोरडं: बेडमी, नागौरी, जिलबी (पाक निथळून, वेगळ्या कागदात), हातगाडीवरची नानखटाई. दही, चटणी, रबडी, कबाब यातलं काही नाही. आम्ही दुसऱ्या दिवशी दुपारी परतीच्या राजधानीत बसलो, मथुरा गेल्यावर आईनं डबा उघडला, जिलबीचा पाक बेडमीला लागला होता आणि झाकणाखाली सगळ्या डब्यात तुपाचा वास कोंडला होता. समोरच्या बर्थवरचे नागपूरचे एक काका बराच वेळ पेपरमागून बघत होते, शेवटी आईनंच डबा पुढं केला, "घ्या, दिल्लीचं आहे, कालचंय पण चांगलंय." त्यांनी अर्धी पुरी घेतली आणि विचारलं, बरोबर भाजी काय देतात हो? आई म्हणाली, "सीताफळाची."